विल्सडन, मिडलसेक्स

ब्रेक्झिटच्या मतदानानंतरचा हिवाळा होता. शेजारच्या आजी एका दुपारी बिस्किटांचा जुना पत्र्याचा डबा पोटाशी धरून आमच्याकडे आल्या. त्यांचे आई-वडील आयर्लंडमधल्या मेयोहून इथे लंडनला आलेले, त्यामुळे म्हातारपणी आयरिश पासपोर्ट काढायचं त्यांनी मनावर घेतलं होतं. मूळ कागद पोस्टाने पाठवायचे होते आणि त्याआधी झेरॉक्स हव्या होत्या. आमच्याकडे झेरॉक्स निघते हे गल्लीत सगळ्यांना ठाऊक आहे.

डब्यातून त्यांनी जन्मदाखला काढला. लालसर छपाईचा लांबट कागद, घडीवर विरलेला, मागून चिकटपट्टी लावलेला. शाईने टाकाने लिहिलेलं ते वळणदार अक्षर मी काचेवर ठेवण्याआधी वाचलं. वर्ष १९४८. नोंदणी जिल्हा: विल्सडन. काउंटी: मिडलसेक्स.

माझ्या मुलीचा जन्म १९९९ चा. त्याच हॉस्पिटलातला, सेंट्रल मिडलसेक्समधला. तिच्या दाखल्यावर ‘ब्रेंट’ लिहिलंय, म्हणजे इथल्या आताच्या नगरपालिकेचं नाव. दोघींची घरं एका भिंतीने जोडलेली, दोघी एकाच इमारतीत जन्मल्या, आणि कागदोपत्री दोन निराळ्या गावच्या. आजींना मी तसं म्हटलं तर त्या म्हणाल्या, “अगं, मी कुठेच गेले नाही. गावच उठून गेलं.”

त्या वाक्याने मला कामाला लावलं. वीस वर्षं ज्या रस्त्यांवरून मी दुधाच्या पिशव्या आणल्या, ज्या बागेत मुलीला सायकल शिकवली, ते सगळं कुणीतरी बांधलेलं होतं. आणि ते बांधणारी नगरपालिकाच आता नाही, हे मला माहीत नव्हतं. मग जमेल तेव्हा विल्सडन ग्रीनच्या वाचनालयात जाऊन मी वाचत बसू लागले. ब्रेंटचं संग्रहालय आणि जुने दप्तर तिथेच आहे.

लिहिताना विलेस्डेन दिसतं, पण म्हणायचं विल्सडन. जुन्या इंग्रजीत अर्थ झऱ्याची टेकडी. लंडनच्या वायव्येला, मिडलसेक्स काउंटीतला हा एक परगणा, त्यांच्या भाषेत पॅरिश. १०८६ च्या डूम्सडे नोंदवहीत ही जमीन सेंट पॉल कॅथीड्रलच्या धर्मगुरूंच्या नावावर आहे. आपल्याकडे देवस्थान इनाम असतं, तसलाच प्रकार. कॅथीड्रलच्या एकेका पदाधिकाऱ्याला एकेक वाडी तोडून दिलेली, आणि त्याच्या उत्पन्नावर त्याने जगायचं. मेप्सबरी हे नाव बाराव्या शतकातल्या वॉल्टर मॅप या पदाधिकाऱ्यावरून पडलं. ब्रॉन्ड्सबरी, ऑक्सगेट, नीस्डन, हार्ल्सडन ही बाकीची. ही नावं आज लोकांच्या तोंडी असतात ती बसथांबे आणि स्टेशनं म्हणून. मेप्सबरी रोडवर मी कित्येकदा बस चुकवून उभी राहिलेय. ते एका माणसाच्या इनामाचं नाव आहे असं कधी मनातही आलं नव्हतं.

सेंट मेरी चर्चमध्ये मध्ययुगात मरियमची एक मूर्ती होती, आणि ‘अवर लेडी ऑफ विल्सडन’च्या दर्शनाला लंडनहून पायी यात्रेकरू येत. १५३८ मध्ये आठव्या हेन्रीच्या राजवटीत ती मूर्ती उचलून चेल्सीला नेली आणि जाळून टाकली. आज त्या चर्चमध्ये काळी मरियम आहे ती विसाव्या शतकात बसवलेली. बाहेर बसची वर्दळ असते, आत शिरलं की गारवा आणि मेणाचा वास. मी चर्चमध्ये प्रार्थना करणारी नव्हे, पण तिथे गेले की हात जोडले जातात.

पुढची दोन-अडीचशे वर्षं विल्सडन म्हणजे गवताचं रान. लंडनच्या हजारो घोड्यांना वैरण लागे, ती मिडलसेक्सच्या कुरणांतून जाई. १८०१ च्या पहिल्या जनगणनेत सगळ्या परगण्यात माणसं होती ७५१. आमच्या एका गल्लीत आज जवळपास तेवढी निघतील.

मग रेल्वे आली. १८६६ मध्ये विल्सडन जंक्शन झालं. १८७९ मध्ये मेट्रोपॉलिटन रेल्वे किल्बर्न आणि विल्सडन ग्रीनपर्यंत पोचली, आणि पुढे काही वर्षांतच त्याच कंपनीने नीस्डनला आपला कारखाना टाकला. लोकसंख्या १८७१ मध्ये सुमारे सोळा हजार होती, ती १९०१ मध्ये एक लाख चौदा हजारांवर गेली. तीस वर्षांत सातपट. हे आकडे वाचताना मला डोंबिवली आठवली, नालासोपारा आठवला. गाडी थांबायला लागली की रानाचं नगर व्हायला वेळ लागत नाही, आणि नगराला पहिल्या दिवसापासून पाणी लागतं, गटार लागतं, मुलांना शाळा लागते.

इतकी वर्षं कारभार पाहत होती वेस्ट्री, म्हणजे चर्चच्या एका खोलीत भरणारी गावपंचायत. तिचा जीव तो केवढा! १८७४ मध्ये तिच्या जागी स्थानिक मंडळ नेमलं गेलं. १८९४ मध्ये विल्सडन ‘अर्बन डिस्ट्रिक्ट’ झालं. १९३३ मध्ये राजाची सनद मिळून म्युनिसिपल बरो, म्हणजे सनदी नगरपालिका, झालं, महापौर आला, गळ्यात साखळी आली, मानचिन्ह आलं. त्या मानचिन्हाखाली लॅटिनमध्ये एक ओळ होती, तिचा अर्थ ‘काम करणं हीच प्रार्थना’. कामगारवस्तीच्या गावाने निवडलेली ही ओळ मला फार आवडते. कामाच्या जागीच विठ्ठल पाहणाऱ्या संतांच्या मुलखातून आलेल्या मला ती परकी वाटली नाही.

या नगरपालिकेच्या आरोग्य अधिकाऱ्याचे वार्षिक अहवाल आता इंटरनेटवर फुकट वाचता येतात. मी ते एकेक करून वाचले. साहित्य म्हणून कुणी ते लिहिलेले नाहीत. जन्म किती, मृत्यू किती, पहिल्या वाढदिवसाआधी गेलेली मुलं किती. गोवर, घटसर्प, लोहितज्वर. कोणत्या वॉर्डात किती. दुधाच्या डेअऱ्या तपासल्या, बेकऱ्या तपासल्या, तळघरात राहणारी कुटुंबं मोजली. तक्ते, नुसते तक्ते. पण वर्षामागून वर्ष वाचत गेलं की दिसतं, कुणीतरी दर वर्षी त्या मेलेल्या मुलांची मोजदाद करत होतं आणि पुढच्या वर्षी तो आकडा खाली आणायला झटत होतं. रात्री दीड वाजता एका तक्त्यापाशी मी थांबले आणि मला पुढे वाचवेना. वर माझी मुलगी झोपलेली होती. तिच्या अंघोळीचं पाणी ज्या गटारातून गेलं, ते गटार त्याच काळात त्याच लोकांनी काढून ठेवलेलं असणार.

आणि मुलगी जन्मली ते सेंट्रल मिडलसेक्ससुद्धा त्याच काळातलं. १९०३ मध्ये पार्क रॉयलला विल्सडनच्या गरीबगृहाचं रुग्णालय सुरू झालं, त्याचंच हे पुढचं रूप. मिडलसेक्स काउंटी १९६५ मध्ये प्रशासनातून पुसली गेली. तिचं नाव उरलं ते लोकांच्या पत्त्यांत, या हॉस्पिटलच्या पाटीवर आणि लॉर्ड्सवर. क्रिकेट पाहणाऱ्या आपल्या लोकांना मिडलसेक्स माहीत असतं ते संघ म्हणून. त्या नावाचा नकाशा आता सरकार दरबारी नाही, हे सांगितलं की त्यांना नवल वाटतं.

गटार आणि दवाखाना ही गरज झाली. पण विल्सडनने गरजेपलीकडचंही केलं, आणि ते लवकर केलं. १८९४ मध्ये एकाच वर्षी तीन सार्वजनिक वाचनालयं उघडली: किल्बर्न, हार्ल्सडन आणि विल्सडन ग्रीन. घरपट्टीतून. कारकून, रेल्वे कामगार, मोलकरणी यांच्यासाठी. चौथं केन्सल राइजला. तिथली जमीन ऑक्सफर्डच्या ऑल सोल्स कॉलेजने दिली. या भागात कॉलेजच्या मोठ्या जमिनी होत्या, म्हणून तर ऑल सोल्स अव्हेन्यू, कॉलेज रोड आणि संस्थापकाच्या नावाचा चिचेली रोड इथे आहेत. केन्सल राइजच्या वाचनालयाचं उद्घाटन २७ सप्टेंबर १९०० रोजी झालं आणि ते केलं मार्क ट्वेनने.

मार्क ट्वेन इथे कसा? तर तो त्या उन्हाळ्यात डॉलिस हिलच्या टेकडीवरच्या घरात राहायला होता. १८२५ मध्ये बांधलेलं पांढरं घर, भोवती उतरती हिरवळ आणि मोठी झाडं. त्याच्या आधी तिथे लॉर्ड अ‍ॅबर्डीन राहत आणि त्यांच्याकडे पंतप्रधान ग्लॅडस्टन विश्रांतीला येत. आपण आजवर राहिलेल्या सगळ्या घरांत हे घर स्वर्गाच्या सगळ्यात जवळचं, अशा अर्थाचं ट्वेनने लिहून ठेवलंय. ती जमीन बिल्डरांच्या घशात जाणार हे दिसत असताना विल्सडनच्या कौन्सिलने ती विकत घेतली आणि १९०१ मध्ये लोकांना बाग म्हणून खुली केली. ग्लॅडस्टन पार्क. चहूबाजूंनी विटांच्या घरांच्या रांगा चढत असताना शंभरएक एकर गवत मोकळं ठेवायचं, याला नुसता पैसा पुरत नाही. पुढचं दिसावं लागतं.

टेकडीच्या माथ्यावर, बागेपासून चालत पाच-दहा मिनिटांवर, पोस्ट खात्याचं संशोधन केंद्र होतं. ती भव्य विटांची इमारत आजही उभी आहे, आत फ्लॅट झालेत. पोस्टात अभियंता असलेल्या टॉमी फ्लॉवर्स यांनी इथे १९४३ मध्ये कलोसस हे यंत्र, आजच्या संगणकाचं एक आद्यरूप, उभं केलं. दीड हजारांहून अधिक व्हॉल्व्ह असलेलं, जर्मन सेनापतींचे सांकेतिक संदेश उकलायला मदत करणारं. पुढच्या जानेवारीत ते ब्लेचली पार्कला, शत्रूचे संदेश उकलण्याच्या गुप्त केंद्रात, पोचलं. गवंड्याचा मुलगा, रात्रशाळेत शिकलेला माणूस, आणि १९७० च्या दशकापर्यंत त्याचं काम गुपित राहिलं. जवळच्या एका छोट्या रस्त्याला आता ‘फ्लॉवर्स क्लोज’ नाव आहे. माझ्या ओळखीचे निम्मे मराठी लोक लंडनमध्ये संगणकाचं काम करतात. त्यांना मी हटकून तिथे नेते. त्याच जागेखाली जमिनीच्या पोटात चर्चिलसाठी पर्यायी युद्धकक्षही खणला होता आणि ऑक्टोबर १९४० मध्ये युद्ध मंत्रिमंडळाची एक बैठक तिथे भरली होती. चर्चिलला तो आवडला नाही, बैठका फारशा झाल्या नाहीत. मला तरी फ्लॉवर्सची गोष्ट मोठी वाटते.

आपल्या लोकांचा या टेकडीशी संबंध आहे तो महाराष्ट्र मंडळामुळे. लंडनचं मंडळ १९३२ चं, न. चिं. केळकरांच्या पुढाकाराने सुरू झालेलं. विल्सडनला बरोची सनद मिळाली त्याच्या आदल्या वर्षी. मंडळाची वास्तू पुढे डॉलिस हिल लेनवर आली. मी नवीन आले तेव्हा पहिल्या गणपतीत तिथे गेले होते. दारात चपलांचा ढीग, आत उकडीच्या मोदकांचा वाफाळ वास, आणि आरतीत ‘दर्शनमात्रे’ला आवाज चढला तेव्हा माझा गळा दाटून आला होता. त्यानंतर कितीदा तरी गेले असेन. पण ज्या फुटपाथवर आम्ही रांगेने उभे राहायचो तो कुणी घातला, हा प्रश्न शेजारच्या आजींच्या दाखल्याआधी मला पडला नव्हता. आम्ही तिथे पाहुणे म्हणून आलो. सगळं तयार होतं.

तयार होतं ते आम्हालाच नव्हे. दोन महायुद्धांच्या मधल्या काळात इथे कारखाने वाढले. हार्ल्सडनला मॅकव्हिटीचा बिस्किट कारखाना १९०२ पासून होताच. कामामागून माणसं आली. आधी आयरिश, मग कॅरिबियन, मग गुजराती, त्यातले बरेच पूर्व आफ्रिकेतून घरदार सोडून आलेले. ऑगस्ट १९७६ मध्ये डॉलिस हिलच्या चॅप्टर रोडवरच्या ग्रनविक या फोटो धुण्याच्या कारखान्यातून तिथल्या कामगार जयाबेन देसाई काम टाकून बाहेर पडल्या आणि दोन वर्षं संप चालला. साडी, त्यावर कोट, हातात फलक. संप यशस्वी झाला नाही, पण इंग्लंडमधल्या गोऱ्या कामगारांच्या संघटना आशियाई बायकांच्या मागे हजारोंनी उभ्या राहिल्या. क्रिकलवुडच्या टपाल कामगारांनी कारखान्याची पत्रं उचलायला नकार दिला. काम म्हणजे प्रार्थना मानणाऱ्या गावात हे घडलं, म्हणून मला ते विल्सडनचंच वाटतं, जरी तोवर विल्सडन नावाची नगरपालिका उरली नव्हती.

ती गेली १ एप्रिल १९६५ रोजी. लंडन वाढून मिडलसेक्सभर पसरलं होतं. एवढ्या छोट्या-छोट्या नगरपालिका परवडत नाहीत, मोठे बरो करा, असा कायदा १९६३ मध्ये झाला. विल्सडन आणि शेजारचं वेम्बली एकत्र केले गेले. विल्सडन कामगारांचं, दाट वस्तीचं, मजूर पक्षाचं. वेम्बली नवं, बागांवाल्या घरांचं, ऐसपैस. दोघांच्या मधून ब्रेंट नदी वाहते. ती त्यांची सीमा होती. नव्या बरोला दोघांपैकी कुणाचं नाव द्यायचं? कुणाचंच नाही. जी नदी त्यांना वेगळं करत होती तिचंच नाव दोघांना मिळून दिलं.

नाव गेलं ते एक. पण कारभाराची जागाही हलली. वेम्बलीचा टाउन हॉल नवा, १९४० चा, म्हणून ब्रेंटचं मुख्यालय तिकडे. किल्बर्नच्या डाइन रोडवरचा विल्सडनचा टाउन हॉल रिकामा पडला आणि १९७० च्या दशकात पाडला गेला. आजी त्या पायऱ्यांवर लहानपणी बसलेल्या. वडिलांबरोबर घराच्या छपराची तक्रार घेऊन त्या तिथे गेल्या होत्या, आणि “खिडकीतल्या माणसाला बाबांचं नाव ठाऊक होतं,” असं त्या सांगतात. वेम्बलीच्या खिडकीत तसं कधी झालं नाही म्हणाल्या. खिडक्याच नाहीत आता, फोनवर बटणं दाबायची.

माझी आजी कुर्ल्याची. कुर्ल्याची नगरपालिका १९५० मध्ये मुंबईत गेली, पण फोर्टात जायचं असलं की ती शेवटपर्यंत “मुंबईला जाऊन येते” म्हणायची. आम्ही नातवंडं हसायचो. आज हसू येत नाही.

विलीनीकरण चूक होतं असं मी म्हणणार नाही. एकाच शहराचा प्रश्न वीस नगरपालिकांनी वेगवेगळा सोडवण्यापेक्षा एकत्र सोडवलेला बरा, हे मला कळतं. शिवाय त्या मोठ्या बरोने माणसांना सामावून घेतलं. १९९५ मध्ये नीस्डनला स्वामीनारायण मंदिर उभं राहिलं, भारतात कोरलेले सव्वीस हजारांवर दगड जहाजाने आणून जोडलेलं, तेव्हा हे गाव कुणाचं हा प्रश्न कुणी विचारू नये इतकं ते इथलं झालं. माझं दुखणं वेगळं आहे. ज्यांनी एखादी गोष्ट बांधली त्यांच्या हातातून ती गेली की तिच्यावर जीव टाकणारं माणूस कार्यालयात उरत नाही. ती फक्त खर्चाची नोंद होते.

२०११ मध्ये ब्रेंटने बारापैकी सहा वाचनालयं बंद केली. त्यात केन्सल राइज होतं. लोकांनी कोर्टात दाद मागितली, पाळ्या लावून दारात पहारा दिला, फुटपाथवर टेबल मांडून पुस्तकं वाटली. मे २०१२ मध्ये एका पहाटे, गाव झोपेत असताना, कौन्सिलची माणसं पोलीस घेऊन आली आणि पुस्तकं, भिंतीवरची चित्रं उचलून नेली. मार्क ट्वेनच्या हातून उघडलेल्या त्या दारावर मी दुसऱ्या दिवशी संध्याकाळी गेले होते. कठड्याला फुलं बांधली होती, चिठ्ठ्या अडकवल्या होत्या, घरात कुणी गेल्यावर बांधतात तशी. एका चिठ्ठीत लहान मुलाच्या अक्षरात एवढंच होतं: माझं पुस्तक आत राहिलं. पुढे लोकांनी हट्टाने त्या इमारतीचा तळमजला मिळवला आणि स्वयंसेवकांनी वाचनालय पुन्हा सुरू केलं. इमारतीचा बाकी भाग फ्लॅटना गेला.

त्याच वर्षी जानेवारीत डॉलिस हिलचं पांढरं घर पाडलं. नव्वदच्या दशकात दोन-तीनदा आग लागली होती, छप्पर गेलं होतं, दुरुस्तीला पैसे कुणी देईना. आता जागेवर विटांच्या बुटक्या भिंती आहेत, घराचा नुसता आराखडा. दिवाणखाना कुठे, जिना कुठे, हे उभं राहून समजतं. मुलं त्यांवरून उड्या मारतात. मी तिथे खूपदा बसते, कारण तिथून दक्षिणेला सगळं लंडन खाली पसरलेलं दिसतं आणि वारा मोकळा येतो.

विल्सडन ग्रीनचं वाचनालय पाडून नवं बांधायचं ठरलं तेव्हाही १८९४ ची दर्शनी इमारत जाणार होती. या वेळी लोक आधीच जागे होते. ती जुनी बाजू, तिच्या टोकदार छपरासह, शाबूत राहिली आणि नवं वाचनालय २०१५ मध्ये तिच्या पाठीशी उघडलं. मी वाचायला बसते ते तिथे.

आणखी एक गोष्ट शाबूत आहे, आणि तिच्याकडे कुणाचं लक्ष नसतं. पहिल्या महायुद्धात, १९१७ मध्ये, पोस्टाने लंडनच्या विभागांना आकडे दिले. वायव्येच्या मुख्य कचेरीला एक, बाकीच्यांना नावाच्या आद्याक्षरानुसार पुढचे. क्रिकलवुड दोन, हॅम्पस्टेड तीन, हेंडन चार, किल्बर्न सहा. विल्सडनचा डब्ल्यू सगळ्यात शेवटी, म्हणून त्याला दहा. नगरपालिका गेली, काउंटी गेली, टाउन हॉल गेला, तरी ‘एनडब्ल्यू १०’ लिहिणारा प्रत्येक माणूस त्या वर्णमालेतली विल्सडनची जागा रोज लिहितो. पिझ्झा मागवताना मीसुद्धा.

आजींचा पासपोर्ट मार्चमध्ये आला. त्या दाखवायला आल्या, नवाकोरा, गडद तांबडा, आतली पानं चिकटलेली. फोटोत त्या फार गंभीर दिसतात. जन्मस्थळाच्या रकान्यात आयर्लंडमध्ये जन्मलेल्यांची काउंटी छापतात, बाहेरच्यांच्या वाट्याला फक्त देशाची तीन अक्षरं. आजींनी चष्मा कपाळावर ढकलून तो रकाना डोळ्यांजवळ धरला. “जीबीआर,” त्यांनी वाचलं. “एवढंच?”

मग त्यांनी परत आलेला जन्मदाखला पाकिटातून काढला, जुन्या घड्यांवरच नीट दुमडला आणि पासपोर्टच्या वर ठेवला. डब्याचं झाकण घट्ट बसत नाही, एका बाजूने तळहाताने दाबावं लागतं. झाकणावर मॅकव्हिटीचं नाव आहे, रंग उडालेला. त्यांच्या आईने हार्ल्सडनच्या कारखान्यात अठरा वर्षं बिस्किटं भरली. डबा तिथलाच आहे.